निसर्गात बोनस नसतो, आणि इतर उपयुक्त वाक्ये

कुणाला काही द्यायचं नसेल, कुणाला कामावरून काढायचं असेल, किंवा आपल्याकडे आहे ते आपल्याचकडे का राहावं हे चारचौघांत पटवायचं असेल, तर पूर्वी लोक प्रारब्धाचं नाव घेत. गेल्या जन्मीची कर्मं म्हटलं की विषय संपायचा. आता आपल्याला ते शोभत नाही, आपण शिकलेली माणसं. आपण डार्विनचं नाव घ्यावं. खर्च नाही, पुरावा कुणी मागत नाही, समोरचा गप्प बसतो आणि वर आपण विज्ञाननिष्ठ ठरतो. मात्र हे काम नीट जमायला थोडी तयारी लागते, म्हणून हे चार सल्ले.

सर्वांत आधी, डार्विन वाचू नका. वाचल्याने आत्मविश्वास जातो. ‘बलवान टिकत नाहीत, बुद्धिमानही टिकत नाहीत, बदलाशी जुळवून घेणारे टिकतात’ हे वाक्य तुम्ही कंपनीच्या प्रशिक्षणात पाहिलं असेल. मागे सूर्योदय, खाली पांढरी दाढी. ते डार्विनचं नाही. लुइझियानात मेगिन्सन नावाचे व्यवस्थापनाचे प्राध्यापक होते, त्यांनी 1963 मध्ये डार्विनचं म्हणणं स्वतःच्या शब्दांत मांडलं आणि पुढे ते शब्द डार्विनच्या नावावर जमा झाले. कॅलिफोर्नियातल्या एका विज्ञानसंस्थेने तर ते आपल्या फरशीवर कोरूनही घेतले होते. तुम्ही का मागे राहता? ‘सर्व्हायव्हल ऑफ द फिटेस्ट’ हे शब्दही इंग्रज तत्त्वज्ञ हर्बर्ट स्पेन्सरचे, 1864 चे. डार्विनसारखाच निवडीचा विचार मांडणाऱ्या वॉलेसने आग्रह धरला म्हणून डार्विनने ‘ओरिजिन ऑफ स्पीशीज’च्या 1869 च्या पाचव्या आवृत्तीत ते घेतले. हाच स्पेन्सर आपल्याकडे आगरकरांनी वाचला आणि तो वाचून हा माणूस बालविवाह आणि विधवांच्या केशवपनावर तुटून पडला. म्हणजे चुकीच्या हातात पुस्तक पडलं की काय होतं बघा.

अगदीच वाचायचं असेल तर एक वाक्य वाचून पुस्तक मिटा. 1871 च्या पुस्तकात डार्विन म्हणतो की आपण दवाखाने काढतो, देवीची लस टोचतो, त्यामुळे दुबळी माणसं जगतात आणि त्यांची प्रजा वाढते, हे मानववंशाला घातक आहे. टाळ्या! इथेच थांबा. कारण लगेच पुढे तो म्हणतो की ही सहानुभूती आवरायची ठरवली, कठोर बुद्धीने कितीही सांगितलं तरी, तर आपल्या स्वभावातला सर्वांत उदात्त भागच खालावेल. हा भाग पाठ करायची गरज नाही.

प्राणी निवडताना जपून. लांडगा उत्तम. कळपात एक ‘अल्फा’ असतो, तो बाकीच्यांना दाबून ठेवतो, म्हणून ऑफिसात तुम्हीही तेच करता, असं सांगता येतं. ही कल्पना पिंजऱ्यात एकत्र कोंडलेल्या, एकमेकांना अनोळखी लांडग्यांवरून 1947 मध्ये आली, आणि डेव्हिड मीच (Mech) या ज्या शास्त्रज्ञाच्या पुस्तकामुळे ती जगभर गेली त्यानेच 1999 मध्ये लिहिलं की रानातला कळप म्हणजे आईबाप आणि त्यांची पोरं, बाकी काही नाही. हे कुणाला सांगू नका. अल्फा होण्यात मजा आहे, पोरांच्या मागे धावणारा बाप होण्यात काय मजा? रक्त पिणारी वटवाघळं मात्र कटाक्षाने टाळा. नाव ऐकून ती आपल्या बाजूची वाटतील, पण उपाशी राहिलेल्या सोबतिणीला ती पोटातलं रक्त ओकून भरवतात, आणि आधी जिने भरवलं तिला भरवतात. 1984 मध्ये हे शोधून ‘नेचर’मध्ये छापलंसुद्धा आहे. पट्टकृमीचंही नाव नको. तो उत्क्रांत होता होता स्वतःचं पचनसंस्थान गमावून बसला आहे, दुसऱ्याच्या आतड्यात पडून राहतो आणि लाखांनी अंडी घालतो. टिकण्याच्या परीक्षेत तो आपल्या सगळ्यांच्या पुढे आहे. ढेकणाचं काय सांगू, डीडीटी पचवून बसलाय.

बायकोने घरकामाचा विषय काढला की ताबडतोब आदिमानवाच्या गुहेत शिरा.

लग्नात उधळलेल्या पैशाला मोराचा पिसारा म्हणा. कर्ज काढून उधळलेल्या पैशालाही.

नात्यागोत्याच्या बाबतीत जीवशास्त्रज्ञ हॅल्डेनचं नाव चालतं. एका भावासाठी जीव देशील का असं विचारल्यावर, ‘नाही, पण दोन भावांसाठी किंवा आठ चुलतभावांसाठी देईन’ असं ते म्हणाल्याचं सांगतात. सख्ख्या भावात आपली निम्मी जनुकं, चुलतभावात आठवा हिस्सा, म्हणजे गणित बरोबर आहे, हॅमिल्टन या जीवशास्त्रज्ञाने 1964 मध्ये ते सूत्रात बसवलं. हॅल्डेन 1957 मध्ये भारतात आले ते इथेच राहिले. पण ते कोलकात्याला आणि भुवनेश्वरला राहिले. कोकणात एखादा वाटणीचा दावा बघितला असता तर सूत्रात एक उणे चिन्ह नक्की वाढलं असतं.

‘जशास तसे’ हेही विज्ञानाने सिद्ध झालंय म्हणून सांगता येतं. ॲक्सेलरॉड या अमेरिकन प्राध्यापकाने समोरच्याशी सहकार्य करावं की दगा द्यावा या खेळाची संगणकावर स्पर्धा भरवली आणि सर्वांत साधा, जशास तसे वागणारा डाव जिंकला. त्या डावाची पहिली चाल नेहमी सहकार्याची असते आणि समोरचा सुधारला की तोही लगेच सुधारतो, एवढं गाळा.

जातीचा विषय असेल तर ‘जात’ म्हणू नका, ‘जीन्स’ म्हणा. आमच्यात गणित जीन्समध्येच असतं, त्यांच्यात तेवढं नसतं, कोण काय करणार, निसर्ग! चेहरा हळहळता ठेवा. डॉ. आंबेडकरांनी लाहोरसाठी लिहिलेल्या आणि करू न दिल्या गेलेल्या 1936 च्या भाषणात हा मुद्दा आधीच घेतलाय हे विसरा. त्यांनी सरळ विचारलं होतं की जात रक्ताच्या शुद्धीसाठी असेल तर सहभोजनाला बंदी का? सोबत जेवल्याने रक्त बिघडतं की सुधारतं? इरावती कर्वेही विसरा. त्या बर्लिनला ऑयगेन फिशर या वंशशास्त्रज्ञाच्या हाताखाली गेल्या, गोऱ्यांची कवटी वेगळी आणि म्हणून अक्कल जास्त हे दाखवण्यासाठी कवट्या मोजायचं काम अंगावर आलं. त्यांनी मोजल्या आणि तसं काही दिसत नाही असं लिहून दिलं. गुरूच्या तोंडावर, विशीतल्या परदेशी बाईने, 1930 च्या आसपासच्या बर्लिनमध्ये. आपल्याला सोसायटीच्या सभेत बोलायचं धाडस होत नाही.

तर सोसायटीची सभा. नुकतीच झाली. रखवालदार आणि झाडलोट करणाऱ्या बायकांना दिवाळीला एक पगार द्यावा असा साधा विषय होता. टँकर, लिफ्ट आणि थकबाकी हे नेहमीचे विषय नेहमीप्रमाणे पुढच्या सभेवर गेले होते, त्यामुळे सगळे ताजेतवाने होते. एक सद्गृहस्थ उठले. तीन फ्लॅट, त्यातले दोन वडिलांनी घेतलेले, पाहुण्यांच्या पार्किंगमध्ये कायमची उभी असलेली गाडी. म्हणाले, ‘भावनेच्या भरात वाहू नका. निसर्गात बोनस नसतो. जो लायक तो टिकतो. डार्विन वाचा.’ आणि माना डोलल्या. इंजिनिअर, डॉक्टर, एक निवृत्त मुख्याध्यापिका, सगळ्यांच्या. विषय नामंजूर.

म्हणून आता शेवटचा आणि मुख्य सल्ला: हा युक्तिवाद करताना इतिहासाचा शब्द काढू नका. कारण हा प्रयोग आपल्याच जमिनीवर करून झालेला आहे.

मुळात ही विद्या जीवशास्त्रातून अर्थशास्त्रात आलेलीच नाही, उलट गेली. माल्थस या इंग्रज अर्थशास्त्रज्ञाने लिहिलं की माणसं अन्नापेक्षा वेगाने वाढतात, आणि 1838 मध्ये ते वाचून डार्विनला नैसर्गिक निवडीची कल्पना सुचली. आपलंच पातेलं शेजारून घासून परत आलं आणि आता ते चांदीचं म्हणून आपण मिरवतोय. माल्थस पोटापाण्यासाठी काय करत होता? इंग्लंडात हेलीबरीला ईस्ट इंडिया कंपनीच्या कॉलेजात शिकवत होता. हिंदुस्थानावर राज्य करायला निघालेली पोरं तिथे तयार व्हायची. पुढे इथे बडा अधिकारी झालेला रिचर्ड टेम्पल त्याच कॉलेजातला, माल्थसनंतरच्या काळातला. 1874 च्या बिहारच्या दुष्काळात त्याने ब्रह्मदेशातून तांदूळ आणवला आणि माणसं वाचवली. शाबासकी मिळाली का? छे. उधळपट्टी केली म्हणून त्याला झोडपलं. बाजारात हात घातला, आळशांना पोसलं! मग 1876 ला दख्खनचा पाऊस गेला. 1 जानेवारी 1877 ला दिल्लीत व्हाइसरॉय लिटनने राणीसाठी दरबार भरवला, आणि त्याच महिन्यात टेम्पलला दुष्काळ बघायला पाठवलं, खर्च आवरा म्हणून. टेम्पल शहाणा झाला होता. खडी फोडणाऱ्या पुरुषाला दिवसाला एक पौंड धान्य आणि वर एक आणा. एक पौंड म्हणजे साडेचारशे ग्रॅम. दिवसभर दगड फोडायचे आणि तेवढ्यावर जगायचं. हजारो मजुरांनी कामं टाकली. पुण्याच्या सार्वजनिक सभेने जिल्ह्याजिल्ह्यातून माहिती गोळा केली आणि सरकारकडे अर्जांवर अर्ज केले. आणि तिकडे लिटन सांगत होता की हिंदुस्थानातली लोकसंख्या जमिनीच्या पिकापेक्षा वेगाने वाढायचीच. गहू तेव्हाही बोटीत चढत होता. विलायतेला जात होता! दोन वर्षांत ब्रिटिश मुलखात पन्नास लाखांवर माणसं मेली, आणि हे चालू असतानाच, 1877 मध्ये, हा टेम्पल आपल्या मुंबई इलाख्याचा गव्हर्नर झाला. ती माणसं निसर्गाने निवडून बाद केली नव्हती. धान्य होतं, आगगाडी होती, बिहारमध्ये करून दाखवलेलं होतं. हिशेबाच्या वहीत बसून कुणीतरी ठरवलं की एवढ्यावर भागवा, आणि भागलं नाही तेव्हा निसर्ग म्हणून हात झटकले.

सोलापूर, सातारा, नगरकडची किती कुटुंबं आपल्या सोसायटीत आहेत? ज्यांचे पणजोबा त्या दुष्काळातून कसेबसे निसटले ती माणसं माना डोलवत होती.

उत्क्रांतीचा विचार माणसाला लावूच नये असं माझं म्हणणं नाही. लावणारे लावतात. माधव गाडगीळ आणि कैलाश मल्होत्रा यांनी आपल्याकडच्या नंदीवाले, फासेपारधी आणि वैदू यांच्या शिकारीचा अभ्यास केला आणि 1983 मध्ये प्रसिद्ध केला: एकाच माळावर कोण कुत्र्यांनी रानडुक्कर धरतो, कोण फासे लावून हरणं आणि पाखरं पकडतो, कोण मुंगूस आणि रानमांजरांसाठी सापळे लावतो, आणि एकाच्या पोटावर दुसरा पाय का देत नाही. त्यासाठी उन्हात, पालांवर जाऊन विचारावं लागतं. एलिनॉर ऑस्ट्रॉम जन्मभर हेच बघत राहिली की पाणी, कुरण, मासे सामायिक असताना माणसं ते ओरबाडून का संपवत नाहीत. 2009 ला अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. आपल्या धुळ्याकडच्या फड पद्धतीत पांझरेच्या बंधाऱ्याचं पाणी गावाने ठरवून वाटून घेतलं, पाटकरी नेमले, त्यांना धान्य दिलं, आणि हे पिढ्यान् पिढ्या चाललं. ते लोक डार्विन वाचून बसले नव्हते. आपल्याकडे दोन विंगांत टँकर वाटता येत नाही.

आणि निसर्गाचाच हिशेब करायचा असेल तर पुरता करा ना! निसर्गात बोनस नसतो, कबूल. निसर्गात सातबाराही नसतो. वडिलांनी ठेवलेले दोन फ्लॅट नसतात, मृत्युपत्र नसतं, डिपॉझिटवर व्याज नसतं, रात्री आपण झोपल्यावर गेटवर जागणारा रखवालदार नसतो. 2008 मध्ये अमेरिकेतल्या बँका बुडायला आल्या तेव्हा लायक तोच टिकेल असं म्हणून कुणी हात बांधून बसलं नाही, 700 अब्ज डॉलर मंजूर केले. तिथे निसर्ग लागू नाही. तो फक्त जिना पुसणाऱ्या बाईला लागू होतो.

आता सल्ले पुरेत. माझं डोकं उठलंय. अहो, एका घरामागे वर्षाला जेमतेम एका पिझ्झाचे पैसे निघत होते. तेवढ्यासाठी तुम्ही एका माणसाच्या जन्मभराच्या कामाला पोतेरं केलंत. तो माणूस गांडुळं पाळत बसायचा, आणि माणसाला लाज वाटून चेहरा लाल होतो यावर त्याने 1872 च्या पुस्तकात अख्खं प्रकरण लिहिलंय. म्हणाला, हे फक्त माणसालाच होतं. सभेत एकाचाही चेहरा लाल झालेला मला दिसला नाही, माझ्याकडे आरसा नव्हता. द्यायचे नाहीत तर ‘मला द्यायचे नाहीत’ असं उभं राहून, त्या बाईंच्या तोंडावर म्हणा. तिथे डार्विन नको, निसर्ग नको, लांडगा नको. आणि तसं म्हणायची लाज वाटत असेल, तर निमूट पैसे काढा.