तपास रखडला असेल तर न्यायालयाकडे तारीख मागा

फिर्याद देऊन वर्ष उलटलं आणि पोलीस अजून "तपास चालू आहे" एवढंच सांगत असतील, तर तपासाला मुदत घालून द्यावी असा न्यायालयात अर्ज करावा, असं माझं ठाम मत आहे. आपल्याकडे लोक कचरतात. पोलिसांशी वैर कशाला, उद्या परत त्यांच्याच दारात जायचंय, असं म्हणून थांबून राहतात. या थांबण्याचा फायदा फक्त आरोपीला होतो.

आमच्या वाड्यावरच्या एका काकूंचं भाट (नारळी बागायतीची जमीन) बनावट विक्रीखत करून भलत्याच माणसाच्या नावावर गेलं. फिर्याद नोंद झाली, तपास अधिकारी बदलला, मग त्याच्या जागी आलेलाही बदलला. प्रत्येक नव्या साहेबापुढे काकूंनी तीच कागदांची पिशवी उघडायची, तीच हकिकत पहिल्यापासून सांगायची. तेवढ्यात त्या जमिनीचा पुढचा व्यवहारही होऊन गेला. आता तिसराच कोणी "मी पैसे मोजलेत" म्हणून उभा आहे. मूळ दस्त वेळेत ताब्यात घेऊन सह्या तपासायला पाठवल्या असत्या, तर हा गुंता इतका वाढलाच नसता. असे जमिनी लाटण्याचे प्रकार इतके झाले की २०२२ मध्ये गोवा सरकारला विशेष तपास पथक नेमावं लागलं.

हणजुणे किनाऱ्यावर २००८ मध्ये मृतावस्थेत सापडलेली ब्रिटिश मुलगी आठवा. पोलिसांनी आधी बुडून मृत्यू म्हटलं. आई हटून बसली म्हणून दुसऱ्यांदा शवविच्छेदन झालं, पुढे तपास सीबीआयकडे गेला. २०१६ मध्ये दोन्ही आरोपी सुटले आणि २०१९ मध्ये उच्च न्यायालयाने त्यांपैकी एकाला दहा वर्षांची शिक्षा दिली. अकरा वर्षं! सुरुवातीला जे हातचं निसटतं ते नंतर कितीही मोठी यंत्रणा आली तरी पुरतं हाती लागत नाही.

कायदा आपल्या बाजूने आहे, हे फार थोड्यांना ठाऊक असतं. जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १९३ प्रमाणे तपास विनाकारण लांबवता येत नाही, आणि त्याची प्रगती नव्वद दिवसांच्या आत फिर्यादीला किंवा पीडिताला कळवणं पोलिसांवर बंधनकारक आहे. तुम्हाला कोणी कळवलं? नसेल तर आधी तपास अधिकाऱ्याला लेखी विचारा, मग पोलीस अधीक्षकांना लिहा आणि दोन्हींची पोच जपून ठेवा. त्यानंतर न्यायदंडाधिकारी. तपास नीट होतोय की नाही यावर ते लक्ष ठेवू शकतात, असं सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २००७ च्या साकिरी वसू निकालात सांगितलंय. लगेच पर्वरीला उच्च न्यायालयात धावायची गरज नसते. तो रस्ता पुढे आहेच.

पोलिसांवर ताण आहे, हे मला मान्य आहे. पर्यटनाचा हंगाम, मंत्र्यांचे दौरे, बंदोबस्त, आणि त्यातच तपास. पण न्यायालयाने तारीख दिली की त्याच अधिकाऱ्याला वरिष्ठांना सांगता येतं, "साहेब, मला या कामासाठी मोकळं करा." प्रामाणिक अधिकाऱ्याला अशा आदेशाची मदतच होते.

अर्जात मात्र नुसतं "तपास लवकर करावा" असं लिहून भागत नाही. न्यायालयही "शक्य तितक्या लवकर" म्हणेल आणि गाडी तिथेच राहील. काय राहिलंय ते नेमकं लिहा: अमुक साक्षीदाराचा जबाब नाही, मूळ दस्त जप्त नाही, हस्ताक्षर तज्ज्ञाचा अहवाल नाही. प्रत्येकासाठी मुदत आणि ठरावीक तारखेला स्थिती अहवाल मागा. अमक्याला अटकच करा, असं मागू नका. निष्कर्ष काढणं पोलिसांचं काम आहे. ते वेळेत व्हावं, एवढाच आपला हक्क आहे.

काकूंचा अर्ज आता तयार होतोय. डिचोली, फोंडा, पेडणे भागातल्या ज्या वकील मित्रांनी असे अर्ज चालवलेत, त्यांनी न्यायालयाने नेमका काय आदेश दिला आणि पोलिसांनी तो कितपत पाळला, ते कृपया इथे लिहावं.