केट बुश एका गाण्याची गायिका नव्हे

‘ब्रिटिश गायिका केट बुशने १९८५ साली एक गाणे गायले, मग जग तिला विसरले आणि २०२२ साली ‘स्ट्रेंजर थिंग्ज’ मालिकेने तिला अडगळीतून बाहेर काढले’, असा मजकूर सर्रास फिरतो आहे. गाण्यांमागचे डोके संगीत-निर्मात्यांचे होते आणि देण्यासारखे काही न उरल्याने ती गप्प बसली, अशी पुस्तीही त्याला जोडली जाते. यातले एकही विधान टिकत नाही.

मालिकेमुळे ‘रनिंग अप दॅट हिल’ हे ते गाणे नव्या पिढीपर्यंत पोहोचले आणि ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेले, हे खरेच आहे. पण १९८५ सालीही ते तिथे तिसऱ्या क्रमांकावर होते. आणि पहिला क्रमांक तर केटने १९७८ सालीच, अवघ्या एकोणिसाव्या वर्षी, ‘वदरिंग हाइट्स’ने मिळवला होता. स्वतः लिहिलेल्या गाण्याने तिथवर पोहोचलेली ती ब्रिटनमधली पहिली गायिका. ईएमआय या ध्वनिमुद्रण कंपनीला आरंभी दुसरेच गाणे आणायचे होते. केट हटून बसली आणि तिचेच खरे ठरले.

निर्मात्यांना श्रेय देणारा मुद्दा मला सर्वांत अन्यायाचा वाटतो. १९७९च्या दौऱ्यात नाचत असतानाही गाता यावे आणि हात मोकळे राहावेत, म्हणून तिच्या ध्वनितंत्रज्ञाने कपड्यांच्या हँगरची तार वाकवून त्या तारेवर मायक्रोफोन बसवला. पुढच्याच वर्षी ‘बबूष्का’ या गाण्यासाठी अ‍ॅबी रोड स्टुडिओत काचेची भांडी फोडून तो खळखळाट फेअरलाइट या संगणकीय वाद्यात भरून घेतला गेला आणि कीबोर्डच्या पट्ट्यांवर वाजवला गेला. १९८२च्या ‘द ड्रीमिंग’ या अल्बमची निर्मिती तिने एकटीने केली. त्यानंतर आईवडिलांच्या घराजवळच्या कोठारात तिने स्वतःचा स्टुडिओ उभारला. ‘हाउंड्स ऑफ लव्ह’ हा अल्बम तिथे घडला.

१९९३ ते २००५ या काळात तिचा नवा अल्बम आला नाही, एवढेच खरे. दरम्यान तिला मुलगा झाला. मग आलेल्या ‘एरियल’ या दुहेरी अल्बममध्ये एक गाणे धुलाईयंत्रात घरातले कपडे फिरताना पाहणाऱ्या बाईचे आहे, तर दुसऱ्यात केट ‘पाय’ या संख्येचे अंक गाते. ज्याच्याजवळ काही उरलेले नाही, त्याला असे विषय सुचत नाहीत.

विस्मरणाचे म्हणाल, तर २०१४ साली, म्हणजे त्या मालिकेच्या जन्माआधीच, ती पस्तीस वर्षांनी पूर्ण कार्यक्रमासाठी रंगमंचावर परतली. लंडनच्या हॅमरस्मिथमधील बावीस प्रयोगांची तिकिटे पाहता पाहता संपली आणि तिचे आठ अल्बम एकाच वेळी ब्रिटनच्या पहिल्या चाळिसांत आले. त्या प्रयोगांत तिने ‘हाउंड्स ऑफ लव्ह’ची दुसरी बाजू प्रथमच सलग सादर केली: रात्रीच्या समुद्रात एकटी तरंगत, झोप येऊ नये म्हणून धडपडणाऱ्या बाईची सात गाण्यांची कथा. मालिकेत वाजलेले गाणे त्याच तबकडीच्या पहिल्या बाजूवर आहे.