मुक्त सॉफ्टवेअर चुकलं तर जाब कोणाला विचारायचा? (एका प्रतिक्रियेला उत्तर)

नमस्कार. सविस्तर लिहिलंत, आभार. तुमचं म्हणणं थोडक्यात असं: भूविज्ञानातलं मुक्त (कोड सगळ्यांना खुला असलेलं) सॉफ्टवेअर हौशी लोक फावल्या वेळात लिहितात, कोणीही त्यात ढवळाढवळ करतं, आणि उत्तर चुकलं तर जाब विचारायला समोर कोणी नसतं. त्यापेक्षा पैसे मोजून घेतलेलं बरं.

जाबाचंच आधी बघू. विकतच्या सॉफ्टवेअरचा परवाना कधी शेवटपर्यंत वाचलाय? उत्तरांच्या अचूकतेची जबाबदारी आमची नाही, हे कलम तिथेही बहुधा असतंच. त्या बाबतीत दोघे एकाच माळेचे मणी. फक्त आकडा विचित्र आला तर एकाचा कोड उघडून बघता येतो, दुसऱ्याचा नाही.

'ढवळाढवळ' मात्र मला मान्य नाही. पृथ्वीच्या प्रावरणातल्या (कवचाखालच्या जाड थरातल्या) अभिसरणाचं, म्हणजे उष्णतेमुळे होणाऱ्या संथ हालचालीचं, गणित करणारं 'अ‍ॅस्पेक्ट' घ्या. बदल कोणीही सुचवावा, पण तो दुसऱ्याने वाचून, शंका काढून, सगळ्या चाचण्या पुन्हा चालवल्याशिवाय मूळ कोडात जात नाही. त्याच्यासोबत मिळणाऱ्या कसोट्यांपैकी एक ब्लँकेनबाख आणि सहकाऱ्यांनी १९८९ मध्ये प्रसिद्ध केलेली आहे: चौकोनी पेटी, खालून गरम, वरून थंड, श्यानता (पदार्थाचा घट्टपणा) सगळीकडे सारखी, रॅले अंक (अभिसरणाचा जोर दाखवणारा) १०,०००. गणितासाठी पेटीवर टाकलेली जाळी बारीक करत गेलं की नुसेल्ट अंक (अभिसरणामुळे उष्णता किती पट वाहते ते) ४.८८४४ कडे सरकला पाहिजे. नाही सरकला, तर लिहिणारा कितीही मोठा प्राध्यापक असो, काहीतरी बिघडलंय. ही तपासणी तुम्हीही घरी बसून करू शकता.

आणि 'हौशी' म्हणाल तर ज्याचं जळतं त्यालाच कळतं. 'पांडाज' या पायथन भाषेतल्या लायब्ररीचा (तयार कोडसंचाचा) जन्म आर्थिक आकडेवारीसाठी झाला. तिच्यात बरीच वर्षं वेळ नॅनोसेकंदांतच मोजली जायची, त्यामुळे तारखा १६७७ ते २२६२ या सालांतच मावायच्या. शेअर बाजाराला हे रग्गड झालं; हजारो-लाखो वर्षांपूर्वीचं हवामान अभ्यासणाऱ्या पुराहवामानवाल्याने काय करायचं? त्यातून ब्रिटनच्या हॅडली सेंटर या हवामान संशोधन केंद्राच्या काही हवामान प्रारूपांत (मॉडेलांत) प्रत्येक महिना ३० दिवसांचा, म्हणजे विदेत (डेटात) चक्क ३० फेब्रुवारी! नेहमीचा कोड अशी तारीख बघून आडवाच होतो. 'एक्सअ‍ॅरे' ही लायब्ररी 'सीएफटाइम' या अशा तारखा हाताळणाऱ्या लायब्ररीच्या मदतीने हे निमूट सांभाळते, कारण ती घडवणाऱ्यांत अशा फायलींशी रोज झटापट करणारे लोक आहेत.

तुमचा देखभालीचा मुद्दा मात्र खरा आहे, आणि तुम्ही मांडलात त्याहून गंभीर. अनुदान नव्या संशोधनाला मिळतं, जुने बग काढायला सहसा नाही. प्रबंध झाला की विद्यार्थी नोकरीला जातो आणि कोड पोरका होतो. पॉल वेसेल आणि वॉल्टर स्मिथ विद्यार्थी असताना १९८८ च्या सुमारास सुरू झालेलं नकाशांचं 'जीएमटी' अजून जोमात आहे, पण पुढे ते सांभाळणारी माणसं मिळत गेली म्हणून. भूगतिकीच्या (पृथ्वीच्या पोटातल्या हालचालींच्या अभ्यासाच्या) कोडांना असा आधार देण्यासाठी अमेरिकेत एनएसएफ या संशोधनाला निधी देणाऱ्या सरकारी संस्थेच्या पैशावर 'सीआयजी' ही संस्था चालते. असे आश्रयदाते फार थोडे आहेत, हे नाकारत नाही.

शेवटी तुम्ही लिहिलंय की एकाच प्रारूपाची दोन आवृत्त्यांत वेगळी उत्तरं आली. हे इथे सोडून देऊ नका. दोन्ही आवृत्त्यांचे क्रमांक आणि पॅरामीटर फाइल (प्रारूपाला दिलेल्या आकड्यांची) प्रकल्पाच्या इश्यू ट्रॅकरवर, म्हणजे चुका नोंदवायच्या पानावर, टाका. त्याआधी फाइल जमेल तितकी छोटी करा. पुष्कळदा ती छोटी करतानाच कारण सापडतं.