‘बँक आधी सगळं व्याज काढून घेते’: गृहकर्जावरच्या एका संदेशाचा हिशोब

गृहकर्जाबद्दलचा एक संदेश थोडेफार शब्द बदलून सतत फिरत असतो. मजकूर साधारण असा: “वीस वर्षांचं कर्ज म्हणजे घराची किंमत दोनदा भरणं. बँक पहिल्या दहा वर्षांत आपलं सगळं व्याज काढून घेते, त्यामुळे नंतर कर्ज मुदतीआधी फेडण्यात अर्थ नाही. दर वर्षी एक हप्ता जादा भरा, ही युक्ती बँका लपवतात. आणि हप्त्याच्या तेरा टक्के रक्कम दरमहा गुंतवा, गेलेलं सगळं व्याज परत मिळेल.” सोबत एक तक्ता. तक्त्यातली बेरीज-वजाबाकी बहुतेक वेळा बरोबर असते, म्हणून संदेश पटतो. त्यावरून काढलेले निष्कर्ष मात्र एकेक करून तपासण्यासारखे आहेत.

खालच्या सगळ्या हिशोबाला एकच उदाहरण घेतो: कर्ज एक लाख, व्याज 9 टक्के, मुदत 20 वर्षे. मासिक हप्ता 899.73 येतो. तुमचं कर्ज जितके लाख असेल तितक्या पटीने गुणा.

“घराची किंमत दोनदा भरता”

240 हप्त्यांची बेरीज 2,15,934 होते, हे खरं. पण ही ‘दुप्पट’ म्हणजे कर्जाचा काही अंगभूत गुण नाही. दर आणि मुदत यांचा तो योगायोग आहे. अमेरिकेत 30 वर्षांच्या स्थिर दराच्या गृहकर्जाचा सरासरी दर ऑक्टोबर 1981 मध्ये 18.63 टक्क्यांवर गेला होता. जानेवारी 2021 मध्ये तो 2.65 टक्क्यांपर्यंत उतरला. पहिल्या दराने पूर्ण 30 वर्षे हप्ते भरले तर एक लाखाचे सुमारे 5.6 लाख होतात, दुसऱ्याने 1.45 लाख. शिवाय संदेशात कर्ज आणि घर यांची सरमिसळ आहे. किमतीचा काही भाग आपण पदरचा घालतो, त्यावर बँकेचं व्याज नसतं.

खरी गोम बेरजेतच आहे. आज भरलेले 900 आणि एकोणिसाव्या वर्षी भरलेले 900 एकाच रकान्यात लिहून त्यांची बेरीज केली जाते. महागाई सरासरी 5 टक्के राहिली असं धरलं, तर या 240 हप्त्यांचं आजच्या पैशातलं मोल सुमारे 1.38 लाख भरतं. म्हणजे एक लाख वापरायला घेतल्याची आजच्या पैशात मोजलेली किंमत साधारण 38 हजार, एक लाख 16 हजार नव्हे.

यावरून ‘महागाई आहे, कर्ज आपोआप हलकं होईल’ असं म्हणणारेही भेटतात. तेही अर्धवट आहे. हप्ता हलका वाटायला आपलं उत्पन्न महागाईच्या बरोबरीने वाढावं लागतं, आणि फ्लोटिंग, म्हणजे मुदतीत वरखाली होणाऱ्या, दराच्या कर्जात महागाई चढली की व्याजदरही बहुधा तिच्या मागोमाग चढतो. स्थिर दरवाल्याला हा फायदा पुरता मिळतो, फ्लोटिंगवाल्याला त्यातला काही भाग परत करावा लागतो.

“पहिल्या दहा वर्षांत बँक सगळं व्याज काढून घेते”

संदेशातलं सगळ्यात लोकप्रिय वाक्य हेच. दिसायला ते खरंही दिसतं. पहिल्या हप्त्यातले 750 व्याजात जातात, मुद्दलात जेमतेम 149.73. दहा वर्षे, म्हणजे बरोबर निम्मे हप्ते भरून झाले तरी 71,026 देणं बाकीच असतं. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला सव्वाबारा वर्षे लागतात, आणि निम्मं कर्ज फिटायला चौदा. हे पहिल्यांदा पाहणाऱ्याला फसवल्यासारखं वाटलं तर नवल नाही.

पण ते 750 आले कुठून? एक लाखाचे 9 टक्के म्हणजे वर्षाचे 9,000, महिन्याचे 750. त्या महिन्यात तुमच्याकडे बँकेचे एक लाख होते, त्यांचं त्या एका महिन्याचं व्याज. पुढच्या महिन्याचं एकही नाही. दहाव्या वर्षाच्या शेवटी 71,026 बाकी आहेत, तर त्या पुढच्या महिन्याचं व्याज 532.70. अगदी शेवटच्या महिन्यात 6.70. प्रत्येक महिन्याला बाकी रकमेवर तोच पाऊण टक्का. यात आधी काढून घेतलेलं काही नाही. सुरुवातीला व्याज जास्त, कारण सुरुवातीला कर्ज जास्त. हप्ता समान ठेवायचा असं ठरवलं की मुद्दलाला सुरुवातीला उरलेलंच मिळणार. मुद्दल दरमहा समान फेडायचं ठरवलं असतं तर पहिला हप्ता 1,166.67 आला असता, आणि तो अनेकांना झेपला नसता.

व्याज खरोखर आधी काढून घेणारी पद्धत कशी असते तेही सांगतो, म्हणजे फरक कळेल. 12 महिन्यांच्या कर्जाचं एकूण व्याज आधीच ठरवायचं, 1 ते 12 या आकड्यांची बेरीज 78 घ्यायची, आणि पहिल्या महिन्याला त्या व्याजाचे 78 पैकी 12 भाग, दुसऱ्याला 11 असे वाटायचे. ‘78 चा नियम’ या नावाने ती ओळखली जाते. कर्ज मधेच बंद केलं तर यात कर्जदाराचं नुकसान होतं, कारण बाकी रकमेच्या मानाने जास्त व्याज आधीच कमावलेलं धरलं जातं. मुदत लांब असेल तितका हा तोटा वाढतो. अमेरिकेने 1992 च्या कायद्याने 61 महिन्यांहून लांब मुदतीच्या कर्जांसाठी ती बंद केली. फ्लॅट रेट हा तिचाच भाऊबंद: मुद्दल फिटत गेलं तरी व्याज मूळ रकमेवर लावत राहायचं. कर्जाच्या कागदावर उतरत्या शिल्लकीवर, म्हणजे बाकी राहिलेल्या मुद्दलावरच, व्याज लिहिलं असेल तर या दोन्हींपासून तुम्ही लांब आहात. एवढं मात्र बघा की भरलेला पैसा शिल्लकीतून कधी वजा होतो: त्याच दिवशी, महिनाअखेरीला की वर्षअखेरीला. वर्षअखेरीला होत असेल तर वर्षभर फेडलेल्या मुद्दलावरही तुम्ही व्याज देत असता. ही तक्रार करण्याजोगी गोष्ट आहे, पण संदेशात तिचा पत्ता नाही.

“नंतर मुदतीआधी फेडण्यात अर्थ नाही”

वरचं पटलं असेल तर हे आपोआप कोसळतं. तरी आकडे पाहू. हप्ता तोच ठेवून 10,000 जादा भरले, तर पहिल्या वर्षाच्या शेवटी भरल्यास साधारण 50 हप्ते वाचतात, दहाव्या वर्षाच्या शेवटी 25, पंधराव्याच्या शेवटी 16. भरलेले दहा हजार वगळून वाचलेलं व्याज अनुक्रमे सुमारे 35,400, 12,400 आणि 4,800.

हा उतरता क्रम पाहूनच लोक म्हणतात, आता उशीर झाला. पण पहिल्या प्रकरणात ते दहा हजार 19 वर्षे काम करत होते, शेवटच्यात पाच वर्षे. तिन्ही वेळा त्यांनी दर वर्षाला 9 टक्केच वाचवले. पंधराव्या वर्षी हातात मोकळी रक्कम असेल तर प्रश्न एवढाच विचारायचा: ही रक्कम दुसरीकडे कुठे, तितक्याच खात्रीने, कर हिशोबात धरून, 9 टक्क्यांहून जास्त देईल का? नसेल तर कर्जात भरणं पंधराव्या वर्षीही तितकंच शहाणपणाचं आहे जितकं पहिल्या वर्षी होतं. आधी फेडण्यावर दंड आहे का, हे अर्थात करारात पाहावं. आणि अडीअडचणीला लागणारी शिल्लक कर्जात ओतू नये, कारण तिथून ती परत काढणं बहुतेक कर्जांत सोपं नसतं.

जादा रक्कम भरल्यावर बँक विचारते, हप्ता कमी करायचा की मुदत. वरच्या दहाव्या वर्षाच्या उदाहरणात मुदत कमी केली तर 12,400 वाचतात. हप्ता कमी केला तर तो 127 ने उतरतो आणि एकूण 5,200 वाचतात. फरक मोठा दिसतो, पण दुसऱ्या पर्यायात तुम्हाला दरमहा 127 मोकळे मिळतात. ते परत कर्जातच भरले तर दोन्ही सारखेच.

“जादा हप्ता ही लपवलेली युक्ती”

दर वर्षाच्या शेवटी एक हप्ता जादा भरला तर 20 वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांत फिटतं, व्याजही सुमारे 23 हजारांनी कमी होतं. यात युक्ती कसली? वर्षाला बाराऐवजी तेरा हप्ते भरले, म्हणजे सव्वाआठ टक्के जास्त पैसे दिले, तर कर्ज लवकर संपणारच. पंधरवड्याला अर्धा हप्ता भरण्याची जी ‘जादू’ सांगतात तीही हीच: वर्षात 26 पंधरवडे, म्हणजे 13 हप्ते. चांगली सवय आहे, जरूर लावा. फक्त त्यासाठी कुणी शुल्क मागत असेल तर देऊ नका.

“तेरा टक्के गुंतवा, सगळं व्याज परत”

हा भाग मला सगळ्यात धोक्याचा वाटतो, कारण इथे हिशोबाच्या वेषात पैज आहे. हप्त्याच्या तेरा टक्के म्हणजे साधारण 117. ते दरमहा 20 वर्षे गुंतवले आणि वर्षाला 12 टक्के परतावा मिळत गेला, तर खरंच 1.16 लाख जमतात, म्हणजे व्याजाइतके. आता तेच 117 दरमहा कर्जात भरून पाहू. हप्ता 1,017 होतो आणि कर्ज 179 महिन्यांत, पंधरा वर्षांच्या आतच, संपतं. उरलेले 61 महिने पूर्ण 1,017 गुंतवले. परतावा 9 टक्के धरला तर विसाव्या वर्षाच्या शेवटी हाती 78,300 येतात. आणि पहिल्यापासून 117 गुंतवणाऱ्याला त्याच 9 टक्क्यांनी? तेही जवळपास तेवढेच.

व्याज ‘परत’ कुठूनच येत नाही. परतावा कर्जाच्या दराइतकाच असेल तर दोन्ही वाटा एकाच ठिकाणी पोहोचतात. 12 टक्के मिळाले तर गुंतवणारा पुढे जातो, 6 मिळाले तर मागे राहतो. कर्जात भरलेल्या पैशाचे 9 टक्के पक्के असतात, बाजारातले 12 टक्के अपेक्षित. ज्याची नोकरी स्थिर आहे आणि जो वीस वर्षे चढउतार सोसू शकतो त्याने ही पैज जाणूनबुजून घ्यावी, त्यात वावगं काही नाही. पण ती ‘व्याजमुक्त गृहकर्ज’ म्हणून विकणं ही दिशाभूल आहे. त्याच तर्काने कुठलाही खर्च फुकट ठरवता येईल: बाजूला पुरेसे पैसे गुंतवत राहा, खर्चाइतके जमतील.

संदेशात नसलेला खर्च

इतका मोठा संदेश, पण खरोखर जिथे पैसे जातात त्याबद्दल एक ओळ नाही. प्रोसेसिंग फी, मूल्यांकन, कर्जासोबत गळ्यात घातलेला विमा यांत कर्जाच्या 2 टक्के गेले असं समजा. हातात 98,000 आले, हप्ते मात्र पूर्ण लाखाचे. मुदत पूर्ण केली तर 9 टक्क्यांचा खरा दर 9.28 पडतो. पाच वर्षांनी दुसऱ्या बँकेत कर्ज हलवलं तर 9.53, कारण तेच शुल्क कमी वर्षांवर पसरतं. अमेरिकेत 1968 च्या कायद्याने शुल्कासह वार्षिक दर सांगणं बंधनकारक केलं ते याचसाठी. घराचा कर, दुरुस्ती, देखभाल, विमा हे तर कर्ज फिटल्यावरही चालूच राहतात.

मुदतीचंही तसंच. 20 ऐवजी 30 वर्षे घेतली तर हप्ता 899.73 वरून 804.62 वर येतो, साडेदहा टक्क्यांची सवलत. एकूण व्याज मात्र जवळजवळ 74 हजारांनी वाढतं. दुसरा काही इलाजच नसेल तर घ्यावी.

आणि फ्लोटिंग दर. कर्ज घेऊन एक वर्ष झालं, बाकी 98,127, आणि दर 9 चा 10 झाला. हप्ता तोच ठेवला तर उरलेल्या 19 वर्षांची 24 वर्षे होतात. दर 11 झाला तर महिन्याचं व्याजच 899.50 भरतं. हप्ता 899.73. मुद्दलाच्या वाट्याला पूर्ण एक रुपयासुद्धा येत नाही, आणि नुसत्या गणिताने हे कर्ज फिटायला आणखी 75 वर्षे लागतील. एवढी मुदत कुठली बँक देणार नाही, ती हप्ता वाढवेल. पण एक टक्क्याची वाढ अनेकदा गुपचूप मुदतीत जिरवली जाते, खात्यातून जाणारा आकडा बदलत नाही म्हणून लक्षातही येत नाही. दर बदलल्याचं कळलं की हप्त्याकडे न बघता उरलेले महिने किती ते विचारा, आणि झेपत असेल तर हप्ता वाढवायला सांगा. या उदाहरणात 10 टक्क्यांना तो 963 केला की मुदत 19 वर्षांचीच राहते.