‘हौशी लोकांच्या तीन चकत्या’: एका प्रतिक्रियेला उत्तर

डॉक्टरसाहेब,

मेलिऑइडोसिसवरच्या (माती-पाण्यातल्या जंतूमुळे होणारा गंभीर आजार) माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलंत: “मशिन काही तासांत जंतूचं नाव देतं. हौशी लोकांच्या तीन चकत्यांवर विसंबून लोकांना घाबरवू नका. आजार दुर्मीळ आहे.” (इतर वाचकांसाठी: चकत्या म्हणजे जंतू वाढवलेल्या प्लेटवर ठेवायच्या अँटिबायोटिकच्या कागदी टिकल्या. जंतू कोणत्या औषधाला दबतो ते त्या दाखवतात.) शिवाय कॉलनीबद्दलची एक चूक दाखवलीत आणि मलेशियातल्या सारवाकचा दाखला दिलात. राग निवळावा म्हणून दोन दिवस थांबले. पूर्ण निवळलेला नाही.

आधी चुकीचं बोलते. अ‍ॅशडाउनच्या प्लेटवर (हा जंतू वाढवायची खास प्लेट) सुरकुतलेली कॉलनी, म्हणजे जंतूंचा डोळ्यांना दिसणारा पुंजका, दुसऱ्याच दिवशी दिसते असं मी लिहिलं होतं, ते बरोबर नव्हतं. २४ तासांत टाचणीच्या टोकाएवढे ठिपके दिसतात. सुरकुत्या पडायला दोन-तीन दिवस, कधी त्याहून जास्त लागतात. लेखात दुरुस्ती केली आहे. आभार.

पण ‘हौशी’? १९ वर्षं मी तळकोकणात लॅबमध्ये प्लेटा वाचते आहे. समोर बसून बोलत असतो तर हा शब्द तुमच्या तोंडून निघाला असता का? पेशंटला मी हात लावत नाही, खरं आहे. पण त्याचं रक्त आणि पू माझ्याच टेबलावर येतो, आणि त्यातल्या जंतूला चुकीचं नाव दिलं तर काय होतं ते मी पाहिलेलं आहे.

पूर्वी जिथे कामाला होते तिथली गोष्ट. जुलै, लावणीचे दिवस. पन्नाशीचा शेतकरी, जुना मधुमेह, ताप हटेना, प्लीहेत गळू. चार महिने टीबीच्या गोळ्या खाऊन झालेल्या. ब्लड कल्चरला ग्रोथ आली, म्हणजे रक्तातला जंतू वाढला, आणि मशिनने छापून दिलं, बर्कहोल्डेरिया सेपेशिया (मेलिऑइडोसिसच्या जंतूचं जवळचं भावंड), पुढे ‘उत्कृष्ट ओळख’ असा शेरा. मी स्मिअर (काचेवर पसरून रंगवलेला जंतू) पाहिला. दांडके दोन्ही टोकांना गडद आणि मधे फिके, मिटलेल्या सेफ्टी पिनेसारखे. ऑक्सिडेज चाचणी पॉझिटिव्ह. मग चकत्या लावल्या. जेन्टामायसिनला आणि कोलिस्टिनला अगदी चिकटून वाढ, अ‍ॅमॉक्सिक्लॅवभोवती मात्र स्वच्छ मोकळं वर्तुळ, म्हणजे पहिल्या दोन औषधांना जंतू दबला नाही, तिसऱ्याला दबला. सेपेशिया असा वागत नाही, तो अ‍ॅमॉक्सिक्लॅवलाही सहसा जुमानत नाही. मी वरिष्ठांकडे प्लेट घेऊन गेले. “रिपोर्टवर सही झाली आहे,” एवढंच ऐकायला मिळालं. पेशंटला सात दिवसांत घरी सोडलं. पुढच्या महिन्यात तो परत आला आणि वाचला नाही. बाहेर पाठवलेल्या कल्चरचं उत्तर त्यानंतर आलं: बर्कहोल्डेरिया स्यूडोमॅलिआय, म्हणजे मेलिऑइडोसिसचाच जंतू.

सेफ्टाझिडिम किंवा मेरोपेनेम शिरेतून किमान १० ते १४ दिवस आणि पुढे तीन महिने कोट्रायमॉक्साझोल, हे त्याला मिळायला हवं होतं. नाव चुकलं म्हणून मिळालं नाही. तुम्ही ज्यांना हौशी म्हणता त्या चकत्या नाव बरोबर सांगत होत्या.

मशिन माझ्याकडेही आहे आणि मी रोज वापरते. पण त्याच्या यादीत जे भरलंय तेवढंच ते ओळखणार. जवळच्या भावंडांत त्याची गल्लत होते, कधी सेपेशिया, कधी थायलँडेन्सिस. हे तुम्हाला माहीत नसेल असं मला वाटत नाही, म्हणूनच तुमचा सूर जास्त लागला. १९१२ साली रंगूनहून व्हिटमोर आणि कृष्णस्वामी यांनी हा आजार जगापुढे मांडला, तो शवविच्छेदन करून आणि कल्चर वाढवून. त्यांना कोणी हौशी म्हटल्याचं माझ्या वाचनात नाही.

बाकीचे मुद्दे थोडक्यात. सारवाकमधले बरेच जंतू जेन्टामायसिनला दबतात आणि तिथे ही चकती फसते, ठीक आहे. आपण सारवाकमध्ये राहत नाही. दुर्मीळ म्हणाल तर २०१६ च्या अंदाजानुसार जगात वर्षाला १,६५,००० रुग्ण आणि ८९,००० मृत्यू. उडुपी-मणिपाल पट्ट्यात पावसाळ्यात रुग्ण सापडतात कारण तिथे शोधणारे आहेत. आमच्याकडची माती, भात आणि पाऊस काही वेगळा नाही. घाबरवण्याबद्दल मी काही बोलणार नाही, लेख पुन्हा वाचा.

आणखी एक. लेखाखाली तुम्ही विनोद म्हणून “आता वास घेऊनही ओळखा” असं लिहिलंत. या कॉलनीला ओल्या मातीचा वास येतो असं पुस्तकांत छापलेलं आहे, आणि प्लेट नाकाशी नेऊ नये हे नवीन मुलांना मी पहिल्याच दिवशी बजावते. संशय आला की प्लेट सेफ्टी कॅबिनेटमध्येच (जंतू बाहेर न येऊ देणारी लॅबची पेटी) उघडायची. नवीन मुलं हे पान वाचतात, तिथे असले विनोद करू नका.

तुमची प्रतिक्रिया मी काढलेली नाही, काढणारही नाही. फक्त एवढं सांगा, गेल्या पावसाळ्यात तुमच्याकडून ‘सेपेशिया’ म्हणून जे रिपोर्ट गेले, त्यातलं एखादं कल्चर फ्रीझरमध्ये जपून ठेवलंय का? असेल तर अ‍ॅमॉक्सिक्लॅवची एक चकती लावून पाहा आणि काय दिसलं ते इथेच लिहा.