अर्धवट सामन्यातल्या धावा कुठे जातात?

ऐरोलीत पावसाळ्यात वीज जाणे नवे नाही; पण वीज गेल्याबरोबर मोबाइलवरच्या क्रिकेटच्या गेममध्ये जोडणी तुटते आणि कष्टाने उभारलेल्या नाबाद ऐंशी-नव्वद धावा खेळाडूच्या नोंदीतून पूर्णपणे नाहीशा होतात, याचा मला दर वेळी मनस्ताप होतो. त्याहून संतापजनक म्हणजे, हरू लागलेला प्रतिस्पर्धी मध्येच खेळ सोडून निघून गेला तरी माझ्या गोलंदाजाने घेतलेले बळी मोजले जात नाहीत.

खऱ्या क्रिकेटमध्ये असे होत नाही. एकदिवसीय सामना पावसामुळे अनिर्णित सुटला, तरी त्यात काढलेल्या धावा आणि घेतलेले बळी खेळाडूच्या कारकिर्दीत जमा होतात. निकाल संघाचा असतो, कामगिरी खेळाडूची. २०१९ च्या विश्वचषकाच्या मँचेस्टर येथील भारत-न्यूझीलंड उपांत्य सामन्यात ९ जुलैला पावसाने खेळ थांबला तेव्हा न्यूझीलंडच्या ४६.१ षटकांत ५ बाद २११ धावा झाल्या होत्या आणि रॉस टेलर ६७ धावांवर नाबाद होता. दुसऱ्या दिवशी खेळ तिथूनच पुढे सुरू झाला आणि तो ७४ वर धावबाद झाला. आपल्यासाठी तो सामना क्लेशदायकच ठरला, पण नोंद चोख राहिली.

प्रत्येक चेंडूनंतर धावफलक सर्व्हरवर जपून ठेवणे आजच्या काळात अवघड आहे, हे मला पटत नाही. निदान अपूर्ण डावातल्या फलंदाजाला नाबाद धरून त्याच्या धावा सरासरीत घ्याव्यात, एवढी साधी मागणी प्रत्येक नव्या आवृत्तीत दुर्लक्षिली जाते आणि त्याऐवजी नव्या रंगांचे गणवेश विकायला ठेवले जातात.