कौशिक गांगुलींनी स्वतःसाठी ठेवलेली भूमिका

लेखक, दिग्दर्शक आणि नट एकच माणूस असला की मला आधी धास्तीच वाटते. देखणा नायक हा, टाळ्यांचे संवाद याला, आणि बाकीचे सगळे आरती ओवाळायला!

बंगाली दिग्दर्शक कौशिक गांगुलींनी त्यांच्या 'बिसर्जन' या चित्रपटात (२०१७) स्वतःला काय दिलं? गणेश मंडल. इच्छामतीकाठच्या बांगलादेशी गावातला पैसेवाला, स्थूल, विधवा पद्मावर डोळा ठेवून असलेला इसम. नदीतून वाहून आलेल्या भारतातल्या नासिरला पद्मा घरात लपवते. त्याला परत पाठवायचं तर गणेशचीच मदत हवी, आणि त्याची किंमत काय हे तिला पक्कं ठाऊक. सरळ खलनायकच व्हायचा हा. पण गांगुली त्याची लाळ आणि माया एकाच चेहऱ्यावर ठेवतात. हसू येतं आणि लगेच त्याची कीवही येते. जया अहसान (पद्मा) आणि आबीर चटर्जी (नासिर) समोर असताना मी याच्याकडेच बघत होतो.

त्यांच्या लिखाणाचीही हीच खोड. कोपऱ्यातला माणूस उचलायचा. सत्यजित राय यांच्या 'पथेर पांचाली'त छोटा अपू झालेला सुबीर बॅनर्जी नंतर सिनेमात दिसलाच नाही. त्याच्यावर 'अपूर पांचाली' केला. त्यासाठी २०१३ला गोव्याच्या इफ्फीत, म्हणजे भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात, सर्वोत्कृष्ट दिग्दर्शकाचा पुरस्कार मिळाला, तरी आपल्याकडे फारशी चर्चा झाली नाही. 'सिनेमावाला'त बाप बंद पडलेल्या थिएटरला कवटाळून बसलाय आणि पोरगा पायरेटेड डीव्हीडी विकतोय. 'नगरकीर्तन'मधल्या तृतीयपंथी व्यक्तिरेखेसाठी नट ऋद्धी सेनला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, तो अगदी रास्त.

सगळंच उत्तम आहे असं नाही हं. एकट्या २०२३ मध्ये तीन चित्रपट! एवढा वेग कुणालाच झेपत नाही. 'बिसर्जन'चा पुढचा भाग 'बिजया' मला ओढूनताणून वाटला. पहिल्याचा शेवट तसाच राहू द्यायचा होता.

कुठून सुरुवात करू, असं कुणी विचारलं तर मी 'शब्द' सांगतो. तारक हा फोली आर्टिस्ट, म्हणजे पडद्यावरची पावलं, कपबशा, दारं यांचे आवाज स्टुडिओत बसून नव्याने तयार करणारा. या आवाजांत तो इतका बुडतो की माणसांचं बोलणंच त्याला ऐकू येईनासं होतं. बायको समोर बसून बोलतेय आणि याचं लक्ष भलत्याच आवाजाकडे. ऋत्विक चक्रवर्तीने काय काम केलंय! मोबाइलच्या स्पीकरवर मात्र अजिबात बघू नका, हेडफोन लावा.